पांढरी नसलेले गाव

माझे माहेर निफाड तालुक्यातले. आमच्याकडे घर कुठे बांधायचे आणि शेत कुठे करायचे याचा एक नियम होता, जो कोणी लिहून ठेवलेला नव्हता, पण सगळ्यांना ठाऊक होता : घर पांढरीवर, म्हणजे पांढरट मातीच्या जागेवर, शेत काळीत. काळी माती पाणी धरून ठेवते म्हणून तिच्यात गहू, ऊस, कांदा, द्राक्ष असे सगळे पिकते. पण तीच माती पावसाळ्यात फुगते, उन्हाळ्यात हात जाईल एवढी भेगाळते, आणि तिच्यावर उभ्या केलेल्या भिंतीला दोन-तीन वर्षांत तडे जातात. म्हणून आपल्या जुन्या गावांनी वस्तीसाठी पांढरी निवडली आणि काळी पिकांसाठी ठेवली. हे मी सत्तावीस वर्षे भूगोल शिकवताना दरवर्षी मुलांना सांगत आले. काळ्या मातीवर वस्ती करण्याची वेळ कोणावर येते आणि का येते, हा प्रश्न मात्र मला २०१९ च्या एप्रिल महिन्यात, नाशिकपासून हजारो किलोमीटर दूर, अमेरिकेतल्या अलाबामा राज्यात एका रस्त्याच्या कडेला उभी असताना पहिल्यांदा पडला.

त्या वर्षी मी हन्ट्सव्हिल शहरात मुलाकडे तीन महिने राहिले होते. हे शहर अंतराळ संशोधनाचे. माणसाला चंद्रावर नेणाऱ्या सॅटर्न अग्निबाणाची रचना येथेच झाली. विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत कापसाच्या गिरण्यांवर जगणारे हे लहानसे गाव होते. मग केंद्र सरकारने तेथे अग्निबाणांचे संशोधन आणले, त्याच्या मागोमाग अभियंते आले, विद्यापीठ वाढले, आणि आज ते अलाबामातले सर्वांत मोठे शहर आहे. ओझरला विमानांचा कारखाना आल्यावर आमच्या परिसराचे जे झाले, ते मोठ्या प्रमाणावर येथे झालेले मला दिसत होते. मुलाच्या वसाहतीत मराठी कुटुंबे होती, गुढीपाडव्याला सगळे एकत्र आले होते, आणि त्या संध्याकाळी कोणीतरी अगदी सहज म्हणाले, ‘काकू, इथे आपल्यासारखी गरिबी नाही. काम करणाऱ्याला इथे कमी पडत नाही. गरीब राहतात ते आळशी म्हणून राहतात.’

या वाक्याने मी गप्प झाले, कारण हेच वाक्य मी नाशिक जिल्ह्याच्या पश्चिमेकडच्या आदिवासी पेठ तालुक्यातल्या लोकांबद्दल निफाडमध्ये लहानपणापासून ऐकले होते.

पुढच्या आठवड्यात मुलगा मला माँटगोमेरी दाखवायला घेऊन गेला. दक्षिणेकडे साडेतीन-चार तास गाडी चालवली की डोंगर संपतात, लाल माती संपते आणि गवताळ, सपाट, उघडा प्रदेश सुरू होतो. माँटगोमेरी ते सेल्मा या रस्त्यावर लाउन्ड्स काउंटी लागते; काउंटी म्हणजे आपल्या जिल्ह्यासारखा भाग. तेथे गाडी थांबवून मी खाली उतरले आणि नांगरलेल्या एका शेताकडे पाहिले, तर माझ्यासमोर आमच्या शिवारातली काळी होती. तीच भेगाळलेली, चिकट, बुटाला चिकटून बसणारी. आमची काळी साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्यापासून झाली. तिथली माती सुमारे आठ कोटी वर्षांपूर्वी तेथे असलेल्या उथळ समुद्राच्या तळाशी साचलेल्या खडूच्या थरापासून झाली. मूळ वेगळे, पण वागणूक एक. या पट्ट्याला ‘ब्लॅक बेल्ट’ म्हणतात आणि ते नाव आधी मातीवरून पडले. नंतर तेच नाव तेथल्या माणसांना लागू झाले, कारण या सुपीक मातीत कापूस पिकवण्यासाठी आफ्रिकी वंशाच्या गुलामांना लाखोंच्या संख्येने आणले गेले आणि त्यांची नातवंडे-पतवंडे आजही तेथेच आहेत. भूगोलाच्या शिक्षिकेला यापेक्षा मोठा धडा मिळणे कठीण : कोट्यवधी वर्षांपूर्वीच्या समुद्राचा किनारा, त्यावरची सुपीक माती, त्या मातीवरचा कापूस, त्या कापसासाठीची गुलामी आणि आजच्या दारिद्र्याचा नकाशा हे सगळे एकावर एक ठेवले तर जवळजवळ जुळते.

मग प्रश्न असा की ज्या मातीने निफाडला बागायतदार केले, त्याच जातीच्या मातीने लाउन्ड्सला दरिद्री का ठेवले? उत्तर मातीत नाही, ती कोणाच्या नावावर होती यात आहे. १८६५ मध्ये गुलामगिरी संपली, पण जमीन मळेवाल्यांकडेच राहिली आणि मोकळे झालेले लोक त्याच शेतांवर अर्धलीने राबू लागले. बियाणे, खत, किराणा सगळे मालकाच्या दुकानातून उधारीवर. हंगामाच्या शेवटी हिशेब मालकाच्याच वहीत. आणि हिशेबात दरवर्षी काहीतरी बाकी. आमच्याकडे जिला ‘उचल’ म्हणतात, तिचीच ती मोठी बहीण होती. १९६५ च्या आरंभी लाउन्ड्स काउंटीत पाचांपैकी चार माणसे कृष्णवर्णीय होती आणि त्यांच्यातल्या एकाचेही नाव मतदारयादीत नव्हते. त्या वर्षी मार्चमध्ये सेल्माहून माँटगोमेरीला निघालेला मतदानहक्काचा मोर्चा याच रस्त्यावरून गेला. त्यानंतर ज्यांनी धैर्य करून नाव नोंदवले, त्यांतल्या अनेकांना मालकांनी जमिनीवरून हाकलले, आणि ती कुटुंबे पुढची दोन-अडीच वर्षे रस्त्याकडेला तंबूंत राहिली.

आता माझ्या पांढरीच्या नियमाकडे येते. लाउन्ड्समध्ये शहरासारखी सांडपाण्याची गटारे बहुतेक घरांपर्यंत पोहोचलेली नाहीत. प्रत्येकाने आपापली सेप्टिक टाकी आणि शोषखड्डा करावा असे अपेक्षित आहे. पण काळी माती पाणी धरून ठेवते, खाली झिरपू देत नाही, हे निफाडचा कोणताही शेतकरी डोळे मिटून सांगेल. त्या मातीत चालेल अशी खास व्यवस्था करायला पंधरा-वीस हजार डॉलर किंवा त्याहून अधिक खर्च येतो, आणि कित्येकांचे वर्षाचे उत्पन्नच तेवढे असते. त्यामुळे अनेक घरांतून एक नळी थेट मागच्या मोकळ्या जागेत सोडलेली असते, पाऊस झाला की ते पाणी दारापर्यंत परत येते. २०१७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात तेथे तपासलेल्या लोकांपैकी तिसऱ्या हिश्श्याहून अधिक जणांत अंकुशकृमी (हुकवर्म) या आतड्यातल्या जंताचा अंश सापडला. तपासलेले लोक थोडे होते, पण हा रोग अमेरिकेतून केव्हाच गेला असे मानले जात होते. त्याच वर्षी डिसेंबरमध्ये संयुक्त राष्ट्रांचे दारिद्र्यविषयक विशेष प्रतिवेदक फिलिप अल्स्टन अलाबामात येऊन हे पाहून गेले. आणि यातला सर्वांत क्लेशदायक भाग असा की योग्य सेप्टिक व्यवस्था नसणे हा अलाबामाच्या कायद्याने गुन्हा होता. म्हणजे ज्याच्याकडे टाकीसाठी पैसे नाहीत, त्याच्यावरच खटला. आपल्या पूर्वजांनी पांढरी निवडली कारण त्यांना निवडता आली. लाउन्ड्समधल्या लोकांच्या वाट्याला जो तुकडा आला, त्यावरच त्यांनी घर ठेवले.

मुलाच्या मॅडिसन काउंटीत साधारण दहांत एक माणूस अधिकृत दारिद्र्यरेषेखाली आहे. लाउन्ड्समध्ये चारांत एकाहून अधिक. दोन्ही एकाच राज्यात, एकाच राज्यपालाच्या अमलाखाली, एकाच दिवसात जाऊन येता येईल अशा अंतरावर. गुढीपाडव्याला ‘इथे गरिबी नाही’ म्हणणारा तरुण खोटे बोलत नव्हता. तो ज्या रस्त्यांवरून जातो, त्यांवर ती खरोखर नाही.

परत आल्यावर मी या विषयाचे मिळेल ते वाचू लागले. दारिद्र्यरेषा कशी ठरते याबद्दल मला विशेष कुतूहल होते, कारण एकदा ती रेषा ओढणाऱ्यांच्या फौजेत मीही होते. अमेरिकेची रेषा मॉली ओर्शान्स्की या सरकारी सेवेतल्या बाईंनी १९६३-६४ मध्ये आखली. तेव्हा सामान्य कुटुंब उत्पन्नाचा साधारण तिसरा हिस्सा अन्नावर खर्च करते असे दिसले होते. म्हणून त्यांनी काटकसरीच्या अन्नाचा खर्च काढला आणि त्याला तीनने गुणले. त्या स्वतः गरीब स्थलांतरित कुटुंबात वाढलेल्या होत्या आणि आकड्यामागची भूक त्यांना माहीत होती. १९६९ मध्ये ती रेषा अधिकृत झाली आणि तेव्हापासून मुख्यतः महागाईनुसार ती वर सरकत आली आहे. २०२३ साली चार माणसांच्या कुटुंबासाठी ती वर्षाला सुमारे ३१ हजार डॉलर होती, आणि देशातले ११.१ टक्के लोक, म्हणजे सुमारे ३ कोटी ६८ लाख माणसे, तिच्या खाली होती.

ही रेषा मिसिसिपीतल्या खेड्यात आणि न्यूयॉर्कच्या मध्यभागी सारखीच आहे. घरभाड्यातला फरक ती पाहत नाही. म्हणून २०११ पासून तेथे एक पूरक मापनही प्रसिद्ध केले जाते, ज्यात घराचा स्थानिक खर्च, कर, औषधोपचार आणि सरकारी मदत हे सगळे धरतात. त्या मापनाने देशाचा नकाशाच बदलतो : अधिकृत मोजणीत मधल्या फळीत असणारे श्रीमंत कॅलिफोर्निया एकदम सर्वाधिक दारिद्र्याच्या राज्यांत जाऊन बसते, आणि मिसिसिपीचा आकडा खाली येतो. याचा अर्थ मिसिसिपीत सुबत्ता आहे असा नव्हे. एका ठिकाणी माणूस भाड्याने पिचतो, दुसऱ्या ठिकाणी काम, दवाखाना आणि गटार यांच्या अभावाने. आणि या दोन त्रासांना एकच मोजपट्टी लावली की त्यांतला कोणता तरी एक दिसेनासा होतो.

मी स्वतः १९९१ ते २००४ पेठ तालुक्यात शिकवत होते. २००२ चे दारिद्र्यरेषा सर्वेक्षण आले तेव्हा आम्हा शिक्षकांनाही त्या कामाला लावले होते. तेरा प्रश्न, प्रत्येकाला शून्य ते चार गुण, एकूण बावन्न. जितके गुण कमी तितके कुटुंब गरीब. अंगावर घालायचे कपडे किती, दोन वेळचे जेवण मिळते का, कर्ज कोणाकडून घेतले, आणि स्थलांतर कशासाठी करता. या शेवटच्या प्रश्नापाशी मी एका पाड्यावर अडले. त्या घरात एक म्हातारी विधवा एकटी होती. गावातली धडधाकट माणसे दिवाळीनंतर ‘जगायला’ जात, म्हणजे दिंडोरी-निफाडच्या द्राक्षबागांत कामाला जात. तिकडे हाच शब्द आहे, जगायला जाणे. मजुरीसाठी बाहेर जाणाऱ्याला त्या रकान्यात शून्य गुण होते आणि न जाणाऱ्याला तीन. म्हातारी कुठेच जाऊ शकत नव्हती, कारण तिच्या पायांत बळ उरले नव्हते. म्हणून ती कागदावर तीन गुणांनी श्रीमंत झाली. मी तो आकडा लिहिला. नियम तसा होता आणि मी नोकरीत होते, पण तो आकडा लिहिणारा हात माझा होता, हे मी विसरलेले नाही.

नाशिक जिल्ह्याचे सरासरी उत्पन्न पाहिले तर आपण राज्यात बऱ्यापैकी वरचे. द्राक्ष आहे, लासलगावची कांद्याची बाजारपेठ आहे, सातपूर-अंबडचे कारखाने आहेत. पण जिल्ह्याचे पंधरा तालुके म्हणजे एक जिल्हा नव्हे. पश्चिमेकडच्या सुरगाणा, पेठ, त्र्यंबकेश्वर या तालुक्यांत कोकणा, महादेव कोळी, वारली, कातकरी लोक राहतात. तेथे नागली आणि वरई उताराच्या मुरमाड जमिनीत होते, पाऊस दोन हजार मिलिमीटरच्या आसपास पडतो, आणि एप्रिल-मेमध्ये बायका हंडा घेऊन दरीत उतरतात. येवला, सिन्नर, चांदवडला पाऊस त्याच्या पाव हिश्श्याएवढा, म्हणून त्यांना आपण दुष्काळी म्हणतो आणि ते बरोबरच आहे. पण जेथे एवढा पाऊस पडतो तेथल्या तहानेला आपल्याकडे शब्दच नाही. वरचे वैतरणा धरण इगतपुरी-त्र्यंबकच्या डोंगरांतले आणि त्याचे पाणी मुंबईला. सुरगाण्याच्या नार-पारचे पाणी पश्चिमेला वाहून जाते, आणि ते पूर्वेकडे वळवण्याच्या योजनांची चर्चा होते तेव्हा गिरणेच्या खोऱ्याचे नाव निघते, सुरगाण्याच्या पाड्यांचे क्वचितच.

ॲरिझोना, न्यू मेक्सिको आणि युटा या तीन राज्यांत पसरलेल्या नवाहो लोकांच्या प्रदेशाबद्दल वाचताना मला हेच आठवत राहिले. तेथे साधारण तीनांत एका घरात नळाचे पाणी नाही. लोक पिंप गाडीत घालून मैलोगणती जातात. त्यांच्या सीमेला लागून ग्लेन कॅन्यन धरणाचा अवाढव्य जलाशय आहे, आणि कोलोरॅडो नदीचे पाणी वाळवंटातल्या मोठमोठ्या शहरांपर्यंत पोहोचले आहे. २०२३ मध्ये हा वाद सर्वोच्च न्यायालयात गेला. १८६८ च्या तहानुसार त्यांच्यासाठी पाणी मिळवून देण्याकरिता पावले उचलणे हे केंद्र सरकारचे कर्तव्य ठरत नाही, असा निकाल पाच विरुद्ध चार मतांनी लागला.

अमेरिकेच्या शेतकी खात्याने अशा काउंट्यांची यादी केली आहे, जेथे सुमारे तीस वर्षे सतत वीस टक्के किंवा त्याहून अधिक लोक दारिद्र्यात आहेत. देशातल्या तीन हजारांहून अधिक काउंट्यांपैकी अशा तीनशेहून अधिक आहेत आणि त्यांतल्या बहुतेक ग्रामीण आहेत. नकाशावर त्या विखुरलेल्या नाहीत; त्यांचे पुंजके आहेत. मिसिसिपीचे खोरे आणि ब्लॅक बेल्ट, टेक्सासची मेक्सिकोलगतची सीमा, मूळ रहिवाशांच्या राखीव जमिनी, आणि पूर्व केंटकीचा डोंगराळ ॲपलेशिया.

हा शेवटचा पुंजका मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो, कारण तेथले गरीब बहुसंख्येने गोरे आहेत. त्यांचे पूर्वज स्कॉटलंड, आयर्लंड, इंग्लंडहून आलेले. त्यांना कोणी गुलाम केले नव्हते, त्यांच्या मताचा हक्क कोणी काढून घेतला नव्हता. मग ते गरीब का? त्यांच्या पायाखाली कोळसा होता. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस कंपन्यांचे लोक डोंगरांत फिरले आणि त्यांनी जमिनीखालच्या खनिजांचे हक्क कवडीमोलाने विकत घेतले. वर शेत आणि घर शेतकऱ्याचे, खाली कोळसा कंपनीचा, आणि कोळसा काढण्यासाठी वरच्या जमिनीचे काहीही करण्याचा अधिकारही कंपनीचा. केंटकीत हा अधिकार राज्यघटनेत दुरुस्ती करून १९८८ मध्ये आवरला गेला, तोवर डोंगर पोखरून झाले होते. पैसा बाहेर गेला, काळवंडलेली फुप्फुसे मागे राहिली. १९६४ मध्ये अध्यक्ष लिंडन जॉन्सन यांनी दारिद्र्याविरुद्ध युद्ध पुकारले तेव्हा एप्रिलमध्ये ते याच केंटकीतल्या मार्टिन काउंटीत जाऊन एका घराच्या ओसरीवर बसले होते. आणि या गोऱ्या डोंगरी लोकांबद्दल शहरातली गोरी माणसे काय म्हणत आली? आळशी आहेत, दारू पितात, शिकत नाहीत.

येथे मला माझे उत्तर मिळाले. लाउन्ड्सचे काळे, केंटकीचे गोरे, साउथ डकोटातल्या पाइन रिज या राखीव जमिनीवरचे लकोटा आणि पेठचे कोकणा यांच्यात वंश, भाषा, धर्म, अन्न यांपैकी चौघांनाही समान असे काहीही नाही. तरी त्यांच्याबद्दल शेजारच्या सुखवस्तू माणसाने उच्चारलेले वाक्य मात्र एकच आहे. चार वेगवेगळ्या समाजांचा स्वभाव योगायोगाने एकसारखा निघाला असे मानण्यापेक्षा त्यांच्या बाबतीत काय घडले ते पाहणे मला अधिक योग्य वाटते. चौघांच्याही पायाखाली किंवा डोक्यावर काहीतरी मौल्यवान होते, माती, कोळसा, सोने, जंगल, पाणी. आणि त्याचा कागद दुसऱ्याच्या नावाने झाला.

पाइन रिजची गोष्ट थोडक्यात सांगणे अवघड आहे. साउथ डकोटातले ब्लॅक हिल्स डोंगर १८६८ च्या तहाने सू लोकांचे होते; लकोटा हे त्यांच्यातलेच. १८७४ मध्ये तेथे सोने सापडले आणि १८७७ मध्ये सरकारने ते काढून घेतले. १८८७ च्या डॉज कायद्याने उरलेल्या सामाईक जमिनींचे खासगी तुकडे पाडले आणि ‘जास्तीची’ जमीन गोऱ्या वसाहतकारांना खुली केली. देशभरातल्या मूळ रहिवाशांकडे तेव्हा १३.८ कोटी एकर जमीन होती, ती १९३४ पर्यंत ४.८ कोटी एकरांवर आली. जे तुकडे उरले ते पिढ्यान्‌पिढ्या वारसांत वाटले जाऊन आता एकेका तुकड्याला शेकडो मालक आहेत, आणि सरकारच्या विश्वस्तपणाखालची ती जमीन सहजासहजी गहाणही ठेवता येत नाही, म्हणजे घरासाठी कर्ज नाही. सामाईक सातबारा ज्याने पाहिला आहे त्याला ही अडचण वेगळी समजावून सांगावी लागणार नाही. पाइन रिजच्या मुख्य काउंटीत आज निम्म्याच्या जवळपास लोक दारिद्र्यरेषेखाली आहेत. २०१७ च्या एका अभ्यासात तेथले सरासरी आयुर्मान कोलोरॅडोतल्या एका श्रीमंत काउंटीपेक्षा वीस वर्षांनी कमी निघाले. एकाच देशात, वीस वर्षे.

लोक विचारतात, मग असे लोक तेथून उठून जात का नाहीत? पुष्कळ जातात, आणि त्यांतून काही सिद्धही झाले आहे. १९९४ ते १९९८ या काळात अमेरिकेच्या पाच शहरांत काही गरीब कुटुंबांना सोडतीने निवडून बऱ्या वस्तीत राहायला जाण्यासाठी मदत दिली गेली. अर्थशास्त्रज्ञ राज चेट्टी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी पुढे त्या मुलांचा माग काढला, तेव्हा तेराव्या वर्षाच्या आत ज्यांचे घर बदलले त्या मुलांचे मोठेपणीचे उत्पन्न, न बदललेल्यांपेक्षा ३१ टक्क्यांनी अधिक निघाले. आईबाप तेच, फक्त पत्ता बदलला. पण सगळा पाडा उठून नाशिकच्या गंगापूर रोडला राहायला जाऊ शकत नाही. पत्त्याचाच काही उपाय करावा लागतो.

तो करता येतो, हेही अमेरिकेनेच दाखवले आहे. ॲपलेशियासाठी १९६५ मध्ये खास आयोग नेमून तेरा राज्यांत रस्ते, दवाखाने, शाळा यांवर खर्च झाला. १९६० मध्ये तेथले ३१ टक्के लोक दारिद्र्यात होते, आज त्याच्या निम्मे आहेत. पूर्व केंटकीचा गाभा अजून मागे आहे, पण तेवढ्यावरून बाकीचे नाकारता येणार नाही. आणि २०२१ मध्ये मुलांमागे मिळणारी करसवलत वाढवून ती उत्पन्न नसलेल्या कुटुंबांनाही दिली गेली, तेव्हा पूरक मापनाने बालदारिद्र्य ५.२ टक्क्यांवर आले. पुढच्या वर्षी ती तरतूद संपली आणि तेच प्रमाण १२.४ टक्के झाले. त्या बारा महिन्यांत त्या आईबापांचा स्वभाव बदलला नव्हता.

एका बाबतीत मात्र मला आपली व्यवस्था अधिक न्याय्य वाटते. अमेरिकेत शाळेच्या खर्चाचा मोठा वाटा त्या परिसरातल्या मालमत्ता करातून येतो. जेथे घरांना किंमत नाही तेथे कर नाही, आणि कर नाही म्हणून शाळेला पैसा नाही. अलाबामाच्या १९०१ च्या राज्यघटनेने तर या करांवर कडक मर्यादा घालून ठेवल्या. पेठमध्ये माझा पगार राज्य सरकारच्या तिजोरीतून येत असे आणि तो नाशिकच्या शिक्षकापेक्षा एका रुपयानेही कमी नव्हता. पेठचा पगार पेठच्या घरपट्टीतून द्यायचा असता, तर मला तेथे नेमलेच नसते. अर्थात पगार सारखा असूनही आमच्यातले किती जण बदलीचा अर्ज खिशात ठेवूनच पेठला रुजू होत, हे मी जवळून पाहिले आहे.

आपल्या माणसांबद्दलही एक लिहायला हवे. अमेरिकेतल्या भारतीय कुटुंबांचे मध्यम उत्पन्न तेथल्या सर्वाधिक उत्पन्नाच्या गटांत आहे, आणि आपण ते अभिमानाने सांगतो. पण तेथे गेलेला भारतीय हा आधीच निवडलेला भारतीय आहे : पदवी, इंग्रजी, व्हिसा आणि विमानाचे तिकीट या चार चाळण्यांतून गेलेला. म्यानमारहून निर्वासित म्हणून आलेली माणसेही तेथल्या जनगणनेत ‘आशियाई’ याच सदरात येतात आणि त्यांच्यातले दारिद्र्य भारतीयांच्या कित्येक पट आहे. ‘आशियाई लोक पाहा कसे वर आले’ हे वाक्य ते स्वीकारूच शकणार नाहीत. माझा मुलगा कष्टाळू आहे, यात मला शंका नाही. माझे पेठचे विद्यार्थी पहाटे चार वाजता उठून, भाकरी बांधून, जीपच्या टपावर बसून नाशिकजवळच्या गिरणारे गावाच्या मजूरनाक्यावर येतात आणि जानेवारीच्या थंडीत द्राक्षांचे घड औषधात बुडवतात, तेही एकरी उक्ते घेऊन, अंधार पडेपर्यंत. या दोघांच्या कष्टांत मला फरक दिसत नाही.

त्यांतलाच एक विद्यार्थी २०१८ च्या मार्चमध्ये नाशिकहून मुंबईला पायी गेलेल्या शेतकरी मोर्चात होता. सुमारे १८० किलोमीटर, सहा दिवस. त्यातले बरेच लोक सुरगाणा, पेठ, दिंडोरीचे होते आणि त्यांची मुख्य मागणी वनहक्क कायद्याप्रमाणे कसत असलेली जमीन नावावर करून देण्याची होती. सेल्माच्या रस्त्यावर उभी असताना मला तो आठवला होता. मी परत आल्यावर, त्या वर्षीच्या आषाढात, तो घरी आला. त्याच्या वडिलांना वनपट्टा मिळाला होता, पण घरचे चार एकर कसत असताना पट्टा तीस गुंठ्यांचाच झाला होता, आणि सोबत एक नकाशा होता ज्यावर जमिनीचे चार कोपरे अक्षांश-रेखांशांनी दाखवले होते. ‘बाई, तुम्ही आम्हांला अक्षांश शिकवले, हे बरोबर आहे का बघा,’ असे म्हणून त्याने तो कागद माझ्यासमोर ठेवला.

आम्ही दोघांनी मिळून ते बिंदू त्याच्या मोबाइलवरच्या नकाशात एकेक करून टाकले. तीन बिंदू शेताच्या बांधावर आले. चौथा शेताबाहेर, पलीकडच्या ओहोळाच्या मधोमध पडत होता. त्याने तो आकडा वहीत लिहून घेतला, कागदाची जुन्याच घड्यांवर घडी घातली आणि पिशवीत ठेवली. त्याने अपील केले आहे. मोजणी अजून व्हायची आहे.